बाळाला आतड्याचा आजार आणि डॉक्टर डोळे, कान, हार्ट का तपासतायत?

स्लो_लोकल

नमस्कार मंडळी. जरा लांबण लावतोय, सांभाळून घ्या.

माझ्या ताईला नुकताच मुलगा झाला. वजन बिजन सगळं व्यवस्थित, रडला पण जोरात, पण शी होईचना. आधी सगळे म्हणाले होईल होईल, काही बाळांना वेळ लागतो, मग पोट टम्म फुगलं, हिरवी उलटी झाली आणि तिथून पळापळ. एक्सरे, मग मागून औषध घालून परत एक्सरे, मग आतून इवलासा तुकडा काढून तपासायला पाठवला आणि रिपोर्ट आला की हर्शस्प्रंग आहे, म्हणजे मोठ्या आतड्याच्या शेवटच्या भागात नसांच्या पेशीच नाहीत. बरं, इथवर डोक्यात शिरलं. ऑपरेशन करावं लागेल, मुलं नीट होतात, असं सांगितलंय.

पण त्यानंतर जे मोठे डॉक्टर आले त्यांनी आम्हाला बाहेर बसवून असे प्रश्न विचारले की आम्ही एकमेकांच्या तोंडाकडे बघत राहिलो. घरात कोणाला लहानपणापासून कपाळावर पांढरी बट आहे का? कोणाचे दोन डोळे दोन रंगांचे आहेत का? कोणी जन्मापासून बहिरं? नवरा-बायको लग्नाआधी नात्यातले होते का? मग टॉर्च मारून बाळाचे डोळे बघितले, हार्टसाठी टू-डी इको लिहून दिला आणि कानासाठी बेरा टेस्ट. भावजी तर वैतागले, म्हणाले दुखतंय पोट आणि हे कान कसले तपासतायत, बिल फुगवायचे धंदे. मी डॉक्टरांना विचारलं तर ते घाईत होते, एवढंच म्हणाले, "ह्या सगळ्या न्यूरल क्रेस्टच्या पेशी असतात, म्हणून एकदा बघून घेतो." आणि गेले लिफ्टकडे.

मी कॉमर्सवाला. आतडं, डोळा, कान, हार्ट आणि केस ह्यांचा एकमेकांशी काय संबंध ते कोणी साध्या भाषेत सांगेल का? आणि ह्या टेस्ट खरंच लागतात की भावजींचं बरोबर आहे?

मिसळ_कमी_तिखट

दादा आधी एक काम करा, यूट्यूबवर ह्या आजाराचे व्हिडिओ बघणं बंद करा. तिथे सगळ्यात वाईट केसेसच असतात. बाकी जाणकार येतीलच, इथे दोन-तीन डॉक्टर आहेत.

परळ_नाइट_ड्युटी

पीडियाट्रिक सर्जरीत आहे, म्हणून लिहितो. बाळ न बघता ट्रीटमेंट सांगणार नाही, पण प्रश्न समजावता येईल.

मामा, भावजींना सांगा की टेस्ट बरोबर आहेत. मी असतो तर मीही हेच विचारलं असतं, फक्त दोन मिनिटं थांबून कारण सांगितलं असतं, एवढंच.

आधी आतड्याचं. आतड्याच्या भिंतीत नसांचं स्वतःचं जाळं असतं, दहा कोटींच्या वर पेशी, मेंदूला न विचारता काम करणाऱ्या. पुढचा भाग सैल सोडायचा, मागचा आवळायचा, असं करत माल पुढे सरकतो. जिथे ह्या पेशी नाहीत तिथे आतडं सैल सुटतच नाही, आवळलेलंच राहतं. मग त्याच्या वरचा भाग ढकलून ढकलून फुगतो. गंमत बघा, कोपनहेगनच्या हराल्ड हर्शस्प्रंगने १८८६ मध्ये बर्लिनला दोन मुलांच्या केसेस मांडल्या तेव्हा सगळ्यांचं लक्ष त्या फुगलेल्या आतड्याकडे गेलं, तेच आजारी असं धरून चालले, आणि पुढे कितीतरी वर्षं सर्जन तो फुगलेला भाग कापून टाकायचे आणि त्रास परत यायचा. कारण फुगलेला भाग धडधाकट होता. दोषी होता त्याच्या खालचा, जो दिसायला अगदी नॉर्मल, बारीकसा. बॉस्टनच्या स्वेन्सनने १९४८ मध्ये तो खालचा भाग काढून वरचा चांगला भाग ओढून खाली जोडला आणि मुलं बरी झाली. आजही मुळात तेच करतो, तंत्र बदललंय, बऱ्याच बाळांत पोटावर मोठी चीर न देता खालूनच होतं.

साधारण ५००० जन्मांमागे १ बाळ, मुलांमध्ये मुलींपेक्षा चौपट. दहापैकी आठ जणांत फक्त शेवटचा छोटा तुकडा बिननसांचा असतो. तुमच्या बाळाचं किती लांबीचं आहे ते ऑपरेशनच्या वेळी ठिकठिकाणचे तुकडे तपासून नक्की कळेल, कंट्रास्ट एक्सरेवरून अंदाज येतो तेवढाच.

आता पेशी का नाहीत? तर त्या तिथे तयारच होत नाहीत कोणाच्याही. त्या मानेच्या बाजूने येतात, चालत. ह्या बाळात त्या शेवटापर्यंत पोचल्या नाहीत. आणि त्याच पेशींच्या भाऊबंद केसांच्या रंगाकडे, कानाकडे आणि हार्टकडे जातात, म्हणून तिकडेही बघायचं. बहुतेक बाळांमध्ये बाकी सगळं ठीक निघतं. डाऊन सिंड्रोम असलेल्यांत हा आजार जास्त दिसतो, तेही बघितलं असेलच त्यांनी.

राऊंड आहे, नंतर येतो.

स्लो_लोकल

डॉक्टर खूप आभार. भावजींना वाचून दाखवलं, काही बोलले नाहीत म्हणजे पटलं.

म्हणजे असं समजू का, की चर्चगेटहून विरार सुटली, पण बोरिवलीलाच रिकामी केली, त्यामुळे भाईंदर, नालासोपारा, विरारला कोणी उतरलंच नाही? आणि "चालत येतात" म्हणजे खरंच चालतात? पेशी??

तेहतीस_तासांचं_पिल्लू

मी झूलॉजी शिकवायचे, आता निवृत्त. टीवायला एम्ब्रिऑलॉजी इतकी वर्षं घेतली की हे नाव घेतलंय बघा, ज्यांनी कोंबडीच्या भ्रूणाच्या स्लाइड बघितल्यात त्यांना कळेल, २४ तास, ३३ तास, ४८, ७२. प्रॅक्टिकलला मुलं हृदय शोधायची, डोळ्याचा फुगा शोधायची, आणि मी सांगायचे की बाबांनो पाठीच्या कण्यावरच्या त्या नळीच्या वरच्या कडेला बघा, आत्ता तिथे खरी धमाल चालू आहे, पण ती ह्या स्लाइडवर दिसणार नाही, कारण बिचाऱ्या पेशी बाकीच्यांसारख्याच दिसतात.

तर हो, खरंच चालतात. गर्भ तीन-चार आठवड्यांचा असताना त्याच्या पाठीवर एक पट्टी असते, तिच्या दोन्ही कडा उचलल्या जातात, एकमेकींकडे वळतात आणि जुळून नळी होते. त्या नळीचाच पुढे मेंदू आणि मज्जारज्जू होतो. त्या कडांवरच्या ज्या पेशी, म्हणजे ना धड नळीच्या ना धड वरच्या कातडीच्या, त्या न्यूरल क्रेस्ट. आजूबाजूच्या पेशींकडून बीएमपी, डब्ल्यूएनटी वगैरे रासायनिक निरोप येतात, त्यावर आत एकामागून एक जनुकं चालू होतात, त्यातलं स्नेल नावाचं एक असं की ते शेजारणीला धरून ठेवणाऱ्या प्रथिनाचं, कॅडहेरिनचं, उत्पादन दाबतं. हात सुटला की पेशी थरातून निसटते, आकार बदलते, पाय काढते आणि रांगायला लागते. (कॅन्सरची पेशी पसरताना ह्याच युक्त्या वापरते, म्हणून कॅन्सरवाल्यांनाही ह्या पेशींचं फार कौतुक.)

ह्या पेशी जातात कुठे? कुठे जात नाहीत ते विचारा. कातडीच्या खालून गेल्या त्या रंगाच्या पेशी झाल्या, मेलॅनोसाइट. पोटाच्या दिशेने उतरल्या त्यातल्या काही मणक्याशेजारच्या नसांच्या गाठी झाल्या, काही नसांवरचं वेष्टण, काही थेट किडनीवरच्या ॲड्रिनल ग्रंथीच्या गाभ्यात जाऊन बसल्या आणि ॲड्रिनॅलिन बनवायला लागल्या. डोक्याकडच्या पेशींनी तर कहर केलाय, चेहऱ्याची बहुतेक हाडं, जबडा, दातातलं डेंटिन, कानातली इवली हाडं, बुबुळावरच्या पारदर्शक पडद्याचा मोठा भाग, हे सगळं त्यांचं. मानेच्या बाजूच्या काही हृदयाकडे जातात आणि तिथून निघणाऱ्या एका मोठ्या नळीत मधे पडदा घालून दोन नळ्या करतात, एक शरीराकडे जाणारी, एक फुप्फुसाकडे. मार्गारेट कर्बी ह्यांनी १९८३ मध्ये कोंबडीच्या भ्रूणातून त्या पेशी काढून टाकल्या तर तो पडदा पडलाच नाही, एकच नळी राहिली. तुमचा टू-डी इको त्यासाठी.

आता हे सगळं कळलं कसं, हा भाग मला स्वतःला सगळ्यात आवडतो म्हणून सांगतेच, कंटाळा आला तर पुढे जा.

विल्हेल्म हिस नावाच्या माणसाने १८६८ मध्ये कोंबडीच्या भ्रूणात ही पट्टी पहिल्यांदा नोंदली. पण तेव्हा पक्का समज होता की हाड आणि कूर्चा फक्त मधल्या थरातून होतात, बाहेरच्या थरातून कातडी आणि नसा, विषय संपला. ज्युलिया प्लॅट नावाच्या अमेरिकन बाईंनी १८९० च्या दशकात मडपपी नावाच्या सॅलमँडरच्या भ्रूणात बघून सांगितलं की नाही हो, डोक्याची कूर्चा बाहेरच्या थरातून येतेय. लोक तुटून पडले. बाईंनी जर्मनीत जाऊन डॉक्टरेट मिळवली तरी नोकरी कोणी दिली नाही, शेवटी त्यांनी शास्त्र सोडलं आणि कॅलिफोर्नियातल्या पॅसिफिक ग्रोव्ह गावात राजकारणात पडल्या, १९३१ मध्ये तिथल्या महापौर झाल्या. बाईंचं म्हणणं पुढे बरोबर निघालं. मला वर्गात हे सांगताना दरवर्षी राग यायचा.

खरा पुरावा आला फ्रान्समधून. निकोल ल दुआरँ ह्यांच्या १९६९ च्या सुमारास लक्षात आलं की लावा पक्ष्याच्या पेशीचं केंद्रक रंगवलं तर त्यात एक ठळक ठिपका दिसतो जो कोंबडीत तसा दिसत नाही. बस्स. त्यांनी कोंबडीच्या अंड्याला खिडकी पाडली, भ्रूणाच्या नळीचा तुकडा काढला आणि तिथे त्याच वयाच्या लाव्याचा तोच तुकडा बसवला. मग भ्रूण वाढू द्यायचा आणि नंतर काप घेऊन सूक्ष्मदर्शकाखाली ठिपकेवाल्या पेशी कुठे कुठे पोचल्यात ते शोधत बसायचं. मानेजवळच्या पहिल्या सात सोमाइटच्या (नळीच्या दोन्ही बाजूंना ओळीने असणारे पेशींचे ठोकळे) पातळीवरचा तुकडा बदलला तर आतड्यातल्या नसांच्या गाठी, वरपासून खालपर्यंत, लाव्याच्या निघाल्या! तुमच्या भाच्याच्या आतड्यात ज्या पेशी पोचल्या नाहीत त्या त्याच पट्ट्यातून निघतात हे तिथून कळलं. अजून पुढे, ज्या तुकड्यातून एरवी ॲड्रिनलचा गाभा होतो तो उचलून मानेच्या जागी ठेवला तर तोही आतड्यात शिरून आतड्याच्या नसा बनवायला लागला. म्हणजे काय व्हायचं ते बरंचसं वाटेत ठरतं.

पण सगळंच वाटेत ठरत नाही हं. २००३ मध्ये बदक आणि लावा ह्यांची अशीच अदलाबदल केली, डोक्याच्या क्रेस्टची. बदकाला लाव्याची टोकदार चोच आली आणि लाव्याला बदकाची चपटी. चेहऱ्याचा आराखडा पेशी बरोबर घेऊनच निघाल्या होत्या.

आता तुमच्या विरार लोकलबद्दल. उपमा वाईट नाही पण दोन ठिकाणी रुळावरून घसरते. एक, गाडी निघताना जितके प्रवासी तितकेच राहतात, इथे तसं नाही, निघतात मूठभर आणि वाटेत सतत विभागत जातात, मागे गर्दी वाढते तशी पुढची फळी पुढे सरकते. सुरुवातीलाच कमी निघाल्या किंवा वाटेत नीट वाढल्या नाहीत तर शेवटाला कमी पडणारच. दोन, विरार जागेवर असतं, आतडं नसतं. पेशी चालत असताना आतडं स्वतः लांब होत असतं, म्हणजे शेवट पुढे पुढे पळतोय. माणसात साधारण चौथ्या आठवड्यात त्या आतड्यात शिरतात आणि सातव्याच्या आसपास टोकाला पोचतात. म्हणून ह्या आजारात कमी पडतो तो जवळजवळ नेहमी खालचाच भाग, मधलं एखादं स्टेशन वगळलं असं सहसा होत नाही.

कबूतर_नको

बाई सुंदर लिहिलंय. आम्हाला बारावीला फक्त "एक्टोडर्मपासून उत्पन्न" एवढं पाठ करून घेतलेलं.

पण कान? कानात रंगाच्या पेशींचं काय काम, कान काळे-गोरे असून काय फरक पडतो? आणि एक सांगा, आमच्या बिल्डिंगच्या मीटर बॉक्सवर एक पांढरीशुभ्र मांजर बसते, निळे डोळे, वॉचमन काठी आपटतो तरी ढिम्म. ती माजलेली आहे असा सोसायटीत एकमताने ठराव झालाय. ती बहिरी असेल का?

अजून एक, माझ्या मावशीला कोड आहे. पांढरे डाग. ते पण हेच का? मग आमच्या घरातल्या मुलांचं पण बघून घ्यायचं का? टेन्शन आलं वाचून.

तेहतीस_तासांचं_पिल्लू

टेन्शन सोडा. कोडाचा ह्याच्याशी संबंध नाही. कोडात रंगाच्या पेशी जागेवर पोचलेल्या असतात, नीट काम करत असतात आणि नंतर शरीराची प्रतिकारशक्ती त्यांच्यावर उलटते. मुलांचे कान-आतडी तपासायची काही गरज नाही. कॉलेजात असताना केस पिकले तर त्याचाही नाही. इथे आपण बोलतोय ते जन्मतःच ज्या जागी रंगाची पेशी पोचलीच नाही त्याबद्दल.

कानाचं उत्तर मजेशीर आहे. आतल्या कानात शंखासारख्या भागात एक द्रव असतो, त्यात पोटॅशियम भरपूर, आणि त्यामुळे त्यात साधारण ८० मिलिव्होल्टचा विद्युत दाब असतो. ऐकणाऱ्या केसपेशी त्या दाबावर चालतात. तो दाब टिकवणाऱ्या पट्टीत मधल्या थरात मेलॅनोसाइट बसलेल्या असतात. रंगाचं तिथे फारसं काम नाही, पेशी असण्याचं आहे. म्हणून अल्बिनो माणसं, ज्यांच्यात पेशी सगळीकडे पोचल्यात फक्त रंग बनवता येत नाही, ती छान ऐकतात. आणि ज्याच्यात पेशीच नाही तो ऐकू शकत नाही.

तुमची मांजर बहिरी असण्याची शक्यता चांगलीच आहे. मांजरात हे किट नावाच्या जनुकामुळे होतं. डोळे निळे का, तर बुबुळाच्या पुढच्या भागातला रंग क्रेस्टवाल्या पेशींचा असतो, तो नाही. पण मागच्या पडद्यातला काळा रंग थेट मेंदूच्या नळीतून आलेला असतो, त्याला हात लागलेला नाही, म्हणून ती बघते मात्र व्यवस्थित. मागून हॉर्न वाजवून उपयोग नाही, गाडी काढताना वॉचमनला जरा बघायला सांगा. ठराव मागे घ्या.

आणि रस्त्यावरच्या मांजरी-कुत्र्यांना पोट, पंजे, कपाळ इथेच पांढरे ठिपके का असतात ते आता बघाल तेव्हा लक्षात येईल, पाठीवरून निघालेल्यांना सगळ्यात लांब पडणाऱ्या जागा त्याच. अर्थात "हळू चालल्या म्हणून पोचल्या नाहीत" हे इतकं सोपं नाहीये, उंदरांवरच्या कामात असं दिसलंय की पेशी बऱ्याचशा वाट्टेल त्या दिशेला फिरतात आणि कमी विभागल्या गेल्या की जागा रिकामी राहते.

परळ_नाइट_ड्युटी

मॅडमनी माझं काम सोपं केलं. उंदरांचा विषय निघालाच आहे तर मूळ प्रश्नाचं राहिलेलं उत्तर देतो, कारण पांढरी बट का विचारली ते अजून कोणी जोडून सांगितलं नाही.

प्रयोगशाळेत उंदरांच्या दोन जुन्या जाती होत्या, अंगावर पांढरे पट्टे असलेल्या, आणि दोन्हीतली पिल्लं आतडं फुगून मरायची. १९९४ मध्ये कळलं की एका जातीत एंडोथेलिन-३ हा निरोप बिघडलाय आणि दुसरीत तो निरोप घेणारा रिसेप्टर. हा निरोप आतड्यात शिरलेल्या पेशींना सांगतो की एवढ्यात नस बनू नका, अजून विभागत राहा, पुढे जायचंय. तो मिळाला नाही की त्या लवकर स्थिरावतात आणि शेवटाला पेशी कमी पडतात. आणि कातडीकडे जाणाऱ्या रंगाच्या पेशींनाही हाच निरोप लागतो. एक बिघाड, दोन्हीकडे खड्डा. सॉक्स-१० नावाचं जनुक बिघडलं तरी साधारण असंच. दुसरीकडे रेट नावाचं जनुक आहे, हर्शस्प्रंगमध्ये सगळ्यात जास्त सापडतं ते, घराण्यात चालणाऱ्या केसेसपैकी निम्म्याच्या आसपास. तिथे पांढरी बट वगैरे नसते.

आता मुंबईचा भाग. वार्डनबर्ग नावाच्या डच डोळ्यांच्या डॉक्टरांनी १९५१ मध्ये पांढरी बट, वेगळ्या रंगाचे डोळे आणि बहिरेपण असं एकत्र असलेला सिंड्रोम वर्णन केला होता. त्यात आतडं नव्हतं. १९८१ मध्ये आपल्या मुंबईतल्या डॉ. शहा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पाच कुटुंबांतली बारा बाळं नोंदवली, पांढरी बट, पांढऱ्या भुवया-पापण्या, आणि लांबलचक हर्शस्प्रंग. आज जगभर त्याला वार्डनबर्ग-शहा सिंड्रोम म्हणतात. त्यामुळे मामा, तुमच्या डॉक्टरांनी व्हरांड्यात बसवून जे विचारलं ते ह्याच शहरातून पुस्तकात गेलंय. नात्यातलं लग्न विचारलं कारण ह्याचे काही प्रकार आई-वडील दोघांकडून जनुक आलं तरच दिसतात.

हा सिंड्रोम दुर्मिळ आहे, परत सांगतो. बट नाही, डोळे काळेभोर, घरात कोणी बहिरं नाही, तर शक्यता फार कमी. तरी बेरा करा. बाळ बोलायला लागायच्या वयात बहिरेपण लक्षात येण्यापेक्षा आत्ता कळलेलं हजारपट बरं.

वसईची_आई

माझ्या मुलाला हेच होतं, आता शाळेत जातो, डबा खाऊन येतो, वर्गात दंगा करतो म्हणून तक्रारी येतात. वर डॉक्टर आणि बाईंनी शास्त्र सांगितलं, मी घरचं सांगते कारण ते कोणी सांगत नाही.

तुमच्या ताईला जर आधी पोटावर वाट काढून पिशवी लावायला सांगितली (आमच्या वेळी सांगितली होती, सगळ्यांना लागत नाही) तर घाबरू नका म्हणावं. लाल दिसतं ते बाहेर आलेलं आतडं, त्याला हात लावला तर बाळाला दुखत नाही, दुखते ती आजूबाजूची कातडी, शी लागून सोलवटते. पिशवीचं भोक त्या लाल भागाच्या मापाचंच कापायचं, मोठं ठेवलं की कडेची कातडी गेलीच. कापायच्या आधी मापाचा पुठ्ठा करून ठेवा, रात्री दोन वाजता बाळ रडत असताना अंदाज चुकतो. कातडी कोरडी करून मगच चिकटवायची, पावडर लावली तर जास्तीची झटकून टाका नाहीतर चिकटत नाही आणि मुंबईच्या ह्या घामात तर अर्ध्या दिवसात सुटते.

आणि सगळ्यात महत्त्वाचं, ऑपरेशन झाल्यानंतर सुद्धा पोट फुगलं, ताप आला, आणि फवाऱ्यासारखी घाणेरड्या वासाची पातळ शी झाली तर ते साधं जुलाब नाही. ओआरएस देत घरी बसायचं नाही, जवळच्या डॉक्टरकडे पण नाही, सरळ ऑपरेशन जिथे झालं तिथे जायचं. डॉक्टर बरोबर आहे ना?

परळ_नाइट_ड्युटी

शंभर टक्के बरोबर ताई. आतड्याला सूज येऊन होणारं ते इन्फेक्शन, ह्या आजारात बाळ जातं ते बहुतेक त्यानेच. उशीर करायचा नाही. डिस्चार्ज कार्ड बाळाच्या बॅगेतच ठेवा कायम, रात्री कॅज्युअल्टीत जो ज्युनिअर असेल त्याला पहिल्या मिनिटात कळतं.

स्लो_लोकल

तुम्हा सगळ्यांचे आभार कसे मानू कळत नाही. अपडेट देतो. इको नॉर्मल आला. डोळे काळे आहेत, बट नाही, दोन्हीकडच्या म्हाताऱ्यांना विचारून झालं, कोणी जन्मबहिरं नाही. बेरा अजून व्हायची आहे, बाळ झोपलेलं लागतं म्हणे आणि तो नेमका तिथे जाऊन टक्क जागा.

एक घरातली गोष्ट विचारतो. भावजींच्या आत्या आल्यात. त्यांचं चालू आहे की ताईने ग्रहण पाळलं नाही, भाजी चिरली, म्हणून आतडं असं झालं. ताई बोलत नाही काही पण रात्री रडते. तिला काय सांगू? दुसरं, पुढच्या वेळी परत असंच होईल का, हे तिने मला हळूच विचारलंय, भावजींसमोर नाही विचारत.

तेहतीस_तासांचं_पिल्लू

आत्याबाईंना माझा नंबर द्या म्हणणार होते पण इथे देता येत नाही.

ताईला तारखा मांडून दाखवा. ह्या पेशी आतड्यात शिरतात तेव्हा गर्भ चार आठवड्यांचा, आकार तांदळाच्या दाण्याएवढा. पाळी चुकली का पुढे गेली ह्याचा विचार करायचे ते दिवस. तिने त्या दिवसांत भाजी चिरली, लोकलला लटकली, ऑफिसात भांडली, कशानेही एंडोथेलिनचा निरोप बदलत नाही. ओठ फाटलेल्या बाळांच्या आयांनाही हेच ऐकावं लागतं, ग्रहण, कात्री, सुई. वर्गात मुली हळूच येऊन विचारायच्या, घरात कोणाला तरी झालेलं असायचं.

ह्या पेशींना खरंच इजा करणाऱ्या काही गोष्टी आहेत, मुरुमांसाठी घेतात ती आयसोट्रेटिनॉइनची गोळी गरोदरपणात घेतली तर चेहरा, कान, हृदय बिघडू शकतं, दारूचंही तसंच. पण विळीवरच्या भेंडीचा त्यात नंबर लागत नाही.

परळ_नाइट_ड्युटी

पुढच्या वेळेचं: एकूण सगळ्या केसेस धरल्या तर सख्ख्या भावंडाला होण्याची शक्यता साधारण ४ टक्के, म्हणजे शंभरातली शहाण्णव ठीक. पण हा सरासरी आकडा आहे. बिननसांचा भाग लांब असेल तर आकडा वाढतो, छोटा असेल तर कमी, म्हणून ऑपरेशनच्या वेळचा बायोप्सी रिपोर्ट आल्याशिवाय तिला कोणताही आकडा ठाम सांगू नका. तो आला की त्यांच्याच हॉस्पिटलमधून जेनेटिक काउन्सेलिंगला पाठवायला सांगा, तिथे जनुकाची तपासणी करायची की नाही ते ठरेल. दोघांनी मिळून जायचं, भावजींना बाहेर ठेवू नका, ते वैतागतात ते घाबरल्यामुळे.

बेरासाठी युक्ती: टेस्टच्या आधी बाळाला झोपू देऊ नका, आणि तिथे पोचल्यावरच दूध पाजा. पोट भरलं की आपोआप डोळे मिटतात. तरी नाही झोपला तर झोपेचं सिरप त्यांच्याकडेच मागा, घरून काही देऊन नेऊ नका, कारण ऑपरेशन व्हायचंय. आणि इकोचा जो कागद मिळाला असेल त्याची झेरॉक्स काढून ठेवा, त्यावरचे थर्मल फोटो काही महिन्यांत पुसट होतात आणि मग आम्ही परत नवीन करायला सांगतो आणि भावजी परत बिलाचं बोलतात.